फिरणाऱ्या वस्तू, जडत्व आणि टॉर्क: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

अकरावी-बारावीची मुलं, त्यांचे पालक आणि कॉलेज सुटून वर्षं झालेली पण कुतूहल न सुटलेली मंडळी हे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात. उत्तरांत एकच धागा सतत दिसेल: फिरणाऱ्या वस्तूच्या बाबतीत वस्तुमान किती आहे यापेक्षा ते आसापासून किती लांब आहे, याला जास्त महत्त्व असतं. एवढं हाताला जाणवलं की या धड्याची भीती उरत नाही. म्हणून शक्य तिथे घरात करून बघता येतील असे प्रयोग दिले आहेत. ते वाचून सोडू नका, करा.

जडत्व म्हणजे नेमकं काय? ते बल आहे का?

नाही, ते बल नाही. जडत्व हा वस्तूचा गुणधर्म आहे: आहे ती स्थिती बदलायला विरोध करण्याचा. एसटीने करकचून ब्रेक मारला की आपण पुढे झुकतो, तेव्हा आपल्याला पुढे कोणी ढकललेलं नसतं. गाडीचा वेग कमी झाला, आपल्या शरीराचा झाला नाही, एवढंच. ही कल्पना गॅलिलिओने उतरणीवर गोळे सोडून मांडली आणि न्यूटनने १६८७ मध्ये तिला गतीच्या पहिल्या नियमाचं रूप दिलं. सरळ रेषेतल्या गतीपुरतं जडत्वाचं माप म्हणजे वस्तुमान, बाकी काही लागत नाही.

मग फिरणाऱ्या वस्तूसाठी वेगळं माप कशाला?

कारण तिथे नुसतं वस्तुमान पुरत नाही. मीटरभर लांबीची काठी घ्या. पाण्याने भरलेल्या अर्ध्या लिटरच्या दोन बाटल्या तिला चिकटपट्टीने बांधा, मध्यापासून दोन्ही बाजूंना १० सेंटिमीटरवर. काठी मधोमध धरून मनगटाने इकडून तिकडे झपाझप फिरवा. आता त्याच बाटल्या सरकवून मध्यापासून ४० सेंटिमीटरवर बांधा आणि पुन्हा फिरवून बघा. तराजूत वजन तेवढंच भरेल, पण मनगट लगेच तक्रार करेल. अंतर ४ पट झालं, पण बाटल्यांमुळे होणारा विरोध १६ पट वाढला.

या मापाला कॉलेजात सगळे मोमेंट ऑफ इनर्शिया म्हणतात. इथे मी सोयीसाठी 'फिरण्याचं जडत्व' म्हणतो. ते काढायची रीत अशी: वस्तूचे बारीक तुकडे कल्पायचे, प्रत्येक तुकड्याचं वस्तुमान गुणिले आसापासूनच्या अंतराचा वर्ग करायचा आणि सगळ्यांची बेरीज घ्यायची. यातूनच लक्षात येतं की आस बदलला की उत्तरही बदलतं. 'या चाकाचं मोमेंट ऑफ इनर्शिया किती?' हा प्रश्न अर्धवट आहे. कोणत्या आसाभोवती, हे सांगितल्याशिवाय त्याला उत्तर नाही.

अंतराचा वर्गच का? नुसतं अंतर का नाही?

हा प्रश्न विचारणाऱ्या मुलाला मी नेहमी पहिल्या बाकावर बसवावं म्हणतो, कारण बहुतेक जण सूत्र पाठ करून पुढे जातात.

अंतर दोन वेगवेगळ्या वाटांनी आत येतं. एक: सगळी वस्तू एकाच कोनीय वेगाने (सेकंदाला सारख्याच अंशांनी) फिरत असली तरी आसापासून दुप्पट लांब असलेल्या कणाला दुप्पट वेगाने पळावं लागतं, म्हणजे त्याला वेग द्यायला दुप्पट बल लागतं. दोन: ते बल दुप्पट अंतरावर लागू होत असल्याने आसाच्या हिशोबाने त्याचा टॉर्कही (फिरवण्याचा परिणाम, पुढच्याच प्रश्नात येतो) आणखी दुप्पट भरतो. दोन गुणिले दोन, चार. हेच ऊर्जेच्या बाजूनेही दिसतं. गतिज ऊर्जेत वेगाचा वर्ग असतो आणि वेग अंतराच्या पटीत असतो, म्हणून अंतराचाही वर्ग.

टॉर्क म्हणजे काय? बल आणि टॉर्क यांत फरक काय?

बल वस्तूला ढकलतं, टॉर्क तिला फिरवतो. टॉर्क म्हणजे बल गुणिले आसापासून बलाच्या रेषेपर्यंतचं लंब अंतर. दार बिजागरीजवळ ढकलून बघा आणि मग कडीजवळ ढकलून बघा.

पंक्चरवाल्याकडे हे अगदी जवळून दिसतं. कारच्या चाकाचा नट घट्ट बसवायला १०० न्यूटन-मीटरच्या आसपास टॉर्क लागतो असं धरू. २५ सेंटिमीटरच्या पान्याने तो द्यायचा तर टोकाला ४०० न्यूटन, म्हणजे सुमारे ४० किलो वजनाइतका जोर लावावा लागेल. पान्यात पाइप घालून लांबी ५० सेंटिमीटर केली की २० किलोचा जोर पुरतो. जोर पान्याला काटकोनात लावला तरच हा हिशोब जमतो. तिरका लावला तर तेवढा वाया जातो, आणि पान्याच्या लांबीच्या दिशेने कितीही ओढलं तरी नट हलणार नाही.

उतारावरून गोटी, कॅरमचा स्ट्रायकर आणि बांगडी एकदम सोडली तर खाली आधी कोण पोहोचेल?

माझ्या मते या संपूर्ण धड्यातला हा सगळ्यात सुंदर प्रश्न आहे, म्हणून जरा थांबून बघू.

मीटरभर लांबीची फळी घ्या आणि तिचं एक टोक १० सेंटिमीटर उचलून ठेवा. वर आडवी पट्टी धरून तिच्यामागे तिन्ही वस्तू ठेवा, स्ट्रायकर आणि बांगडी कडेवर उभी. पट्टी झटकन उचला. आधी गोटी येते, तिच्या पाठोपाठ स्ट्रायकर आणि बांगडी बरीच मागे राहते. न घसरता गडगडत आल्या असं धरून गणित केलं तर गोटीला १.६९ सेकंद, स्ट्रायकरला १.७५ सेकंद आणि बांगडीला २.०२ सेकंद लागतात. पहिल्या दोघांतला फरक डोळ्यांना पटकन कळत नाही, मोबाइलवर स्लो मोशनमध्ये चित्रण करा.

कारण असं. उंचीमुळे मिळणारी ऊर्जा दोन खात्यांत वाटली जाते: थोडी पुढे सरकण्यात, थोडी फिरण्यात. बांगडीचं सगळं वस्तुमान कडेला आहे, त्यामुळे तिचं फिरण्याचं जडत्व पूर्ण वस्तुमान गुणिले त्रिज्येचा वर्ग इतकं. स्ट्रायकरचं त्याच्या निम्मं, भरीव गोटीचं दोन पंचमांश. बांगडीची अर्धी ऊर्जा नुसती फिरण्यात जाते, गोटीची फक्त दोन सप्तमांश.

आता खरी गंमत. गणितात वस्तुमान आणि त्रिज्या दोन्ही कटतात. छोटी गोटी आणि मोठा भरीव लोखंडी गोळा एकदमच खाली येतील. काचेची बांगडी आणि लोखंडी कडंही एकदमच. निकाल ठरतो तो फक्त वस्तुमान कसं पसरलंय यावर.

याच्याच पुढची पायरी: दोन सारख्या बाटल्यांत सारखंच पाणी भरा, काठोकाठ नको, आणि एक आडवी ठेवून बर्फ होऊ द्या. बर्फाची बाटली आणि पाण्याची बाटली उतारावर सोडा. पाण्याची जिंकते. बर्फाला बाटलीबरोबर फिरावंच लागतं, पाणी मात्र बहुतांशी न फिरता नुसतं सरकत येतं.

उकडलेलं आणि कच्चं अंडं न फोडता कसं ओळखायचं?

ताटलीत गरकन फिरवा. उकडलेलं सहज फिरतं, कच्चं अडखळतं. खात्री हवी असेल तर फिरत्या अंड्याला बोटाने क्षणभर थांबवून लगेच बोट उचला. कच्चं असेल तर ते पुन्हा हळूहळू फिरू लागेल, कारण कवच थांबलं तरी आतला बलक फिरतच होता.

कुंभाराचं चाक एवढं जड का असतं?

पारंपरिक चाक कुंभार काठीने फिरवतो. कडेजवळच्या खळग्यात काठीचं टोक अडकवायचं, जोरात फेरे द्यायचे, काठी बाजूला ठेवायची आणि मग दोन्ही हात मातीला लावायचे. त्या मधल्या वेळात चाकाला कोणीच फिरवत नसतं. हाताचा दाब आणि मातीचं घर्षण त्याला सतत थोपवत असतं, तरी ते बराच वेळ टिकलं पाहिजे, आणि मुख्य म्हणजे गती एकसारखी राहिली पाहिजे. नाहीतर मडक्याची भिंत कुठे जाड, कुठे पातळ होते. म्हणून चाक जड हवं आणि रुंद हवं. काठी कडेला लावण्यातही शहाणपण आहे: तेवढ्याच जोरात तिथे सगळ्यात जास्त टॉर्क मिळतो.

शेतावरच्या जुन्या एक सिलिंडरच्या डिझेल इंजिनाला बाजूला जी मोठी लोखंडी चाकं (फ्लायव्हील) असतात, ती याच कामाची. चार फटक्यांच्या इंजिनात दट्ट्याच्या चार फेऱ्यांपैकी एकाच फेरीत ताकद मिळते. उरलेल्या तीन फेऱ्या फ्लायव्हीलमध्ये साठलेल्या ऊर्जेवर चालतात. ५० किलोचं, ३० सेंटिमीटर त्रिज्येचं चाक मिनिटाला ६०० फेरे घेत असेल आणि जवळपास सगळं लोखंड कडेला असेल, तर त्यात सुमारे ८,९०० ज्यूल ऊर्जा असते. तेच चाक सहा मजले वर चढवायला साधारण इतकीच ऊर्जा लागेल. फिरत्या फ्लायव्हीलजवळ सैल कपडे घालून जाऊ नका असं जुने मेकॅनिक बजावतात, ते या आकड्यामुळे.

पंखा बंद केल्यावर लगेच का थांबत नाही?

मोटरचा टॉर्क थांबला, पण फिरतं राहण्याचा गुण थांबला नाही. पात्यांचं वस्तुमान लांबवर पसरलेलं असल्याने फिरण्याचं जडत्व भरपूर असतं. हवेचा विरोध आणि बेअरिंगचं घर्षण मिळून त्याला हळूहळू थांबवतात.

अपकेंद्री बल खरं असतं की नसतं?

फिरताना आपल्याला बाहेर फेकतं असं वाटणारं हे बल जमिनीवर उभं राहून बघणाऱ्याच्या दृष्टीने नसतं. वॉशिंग मशीनच्या ड्रायरमध्ये पाणी 'बाहेर फेकलं जातं' असं आपण म्हणतो. प्रत्यक्षात कपड्यांना ड्रमची भिंत आत ढकलत वर्तुळात ठेवते. भिंतीला भोकं आहेत, तिथे पाण्याला आत ढकलणारं काहीच नाही, म्हणून ते सरळ रेषेत निघून जातं. मिनिटाला १००० फेरे आणि २५ सेंटिमीटर त्रिज्या असेल तर लागणारं अभिकेंद्री (मध्याकडचं) त्वरण गुरुत्वत्वरणाच्या सुमारे २८० पट भरतं. पिळून इतकं पाणी निघणं शक्यच नाही.

फिरत्या वस्तूवर बसूनच हिशोब करायचा असेल तर अपकेंद्री बल धरावं लागतं, आणि मग उत्तर बरोबरच येतं. परीक्षेत गोंधळ होतो तो दोन्ही दृष्टिकोन एकाच आकृतीत मिसळल्यामुळे. आधी ठरवा आपण कुठे उभे आहोत, मग बाण काढा.

स्केटिंग करणारी मुलगी हात जवळ घेते तेव्हा वेग का वाढतो? ऊर्जा कुठून येते?

बाहेरून टॉर्क नसेल तर कोनीय संवेग, म्हणजे फिरण्याचं जडत्व गुणिले कोनीय वेग, बदलत नाही. हात जवळ घेतल्याने जडत्व निम्मं झालं तर वेग दुप्पट होतो. पण मग गतिज ऊर्जाही दुप्पट होते, आणि ती फुकट येत नाही. हात आत ओढताना स्नायूंना काम करावं लागतं, तीच ही ऊर्जा. फिरत्या खुर्चीवर हातात दोन डंबेल घेऊन बसा, हात पसरून फेरी घ्या आणि मग हात जवळ आणा. ओढताना किती जोर लागतो ते कळेल. पाय टेकवायची तयारी ठेवा.

आकाशातही हाच नियम. पृथ्वी जानेवारीच्या सुरुवातीला सूर्याच्या सगळ्यात जवळ असते, तेव्हा ती सेकंदाला ३०.३ किलोमीटर वेगाने धावते. जुलैच्या सुरुवातीला लांब असताना २९.३ किलोमीटर. म्हणून कक्षेचे दोन अर्धे सारख्या दिवसांत पुरे होत नाहीत: २१ मार्च ते २३ सप्टेंबर हे १८६ दिवस होतात आणि २३ सप्टेंबर ते २१ मार्च हे १७९. कॅलेंडरवर मोजून पाहा.

पृथ्वीच्या स्वतःच्या फिरण्यातही बदल होतात. ज्या भूकंपाने २००४ ची त्सुनामी आली, त्यात खडकांचं वस्तुमान किंचित आत सरकलं आणि दिवस सुमारे २.७ मायक्रोसेकंदांनी लहान झाला असं गणित नासाच्या शास्त्रज्ञांनी मांडलं. उलट बाजूने, समुद्राच्या भरती-ओहोटीचं घर्षण दिवस शतकाला साधारण दोन मिलिसेकंदांनी लांबवतं. पृथ्वीने गमावलेला कोनीय संवेग चंद्राला मिळतो आणि तो वर्षाला ३.८ सेंटिमीटर लांब जातो. १९६९ पासून चंद्रावर ठेवलेल्या आरशांवर लेझर मारून हे अंतर मोजलं जातं.

फिरता भोवरा तिरका झाला तरी पडत का नाही?

गुरुत्वाकर्षण त्याला पाडायचा प्रयत्न करतंच. पण त्याचा टॉर्क आडव्या दिशेत असतो, भोवऱ्याच्या कोनीय संवेगाला काटकोनात. त्यामुळे संवेगाचा आकडा बदलत नाही, फक्त दिशा वळते. आस खाली जाण्याऐवजी बाजूला सरकतो आणि शंकूच्या आकारात घुमत राहतो. भोवऱ्याचा वेग कमी होतो तसं हे घुमणं वाढत जातं. आधी स्थिर उभा असलेला भोवरा शेवटी झोकांड्या खाऊ लागतो, तो यामुळे.

पृथ्वीही असाच एक भोवरा आहे. विषुववृत्तावर तिची त्रिज्या ध्रुवाकडच्या त्रिज्येपेक्षा सुमारे २१ किलोमीटर जास्त आहे. त्या फुगवट्यावर सूर्य-चंद्राचा टॉर्क लागतो आणि पृथ्वीचा आस सुमारे २६,००० वर्षांत एक फेरी पुरी करतो. याला परांचन म्हणतात. साधारण १२,००० वर्षांनी ध्रुवाच्या जवळचा ठळक तारा अभिजित असेल.

आपल्या पंचांगाशी याचा थेट संबंध आहे. मकरसंक्रांत ताऱ्यांच्या संदर्भाने ठरते आणि इंग्रजी कॅलेंडर ऋतूंच्या, म्हणून संक्रांत सुमारे ७१ वर्षांत एक दिवस पुढे सरकते. साधारण १,७०० वर्षांपूर्वी ती उत्तरायण सुरू होतं त्या दिवशीच, म्हणजे २१-२२ डिसेंबरला येत होती. जाता जाता: पानिपतची लढाई १४ जानेवारी १७६१ ला झाली, म्हणून ती संक्रांतीलाच झाली असं सर्रास सांगितलं जातं. हाच हिशोब मागे नेला तर त्या वर्षी संक्रांत १० जानेवारीच्या आसपास येते.

सायकल पडत नाही तीही चाकांच्या भोवरेपणामुळेच ना?

पुस्तकांत तसं लिहिलेलं असतं, पण ते मुख्य कारण नाही. २०११ मध्ये अमेरिका आणि नेदरलँड्समधल्या संशोधकांनी अशी सायकल बनवली की तिच्या चाकांचा परिणाम उलट फिरणाऱ्या जादा चाकांनी रद्द होत होता. तरीही ढकलून दिल्यावर ती स्वाराशिवाय तोल सांभाळत गेली. खरं काम हँडल करतं: सायकल ज्या बाजूला कलते त्या बाजूला पुढचं चाक वळतं आणि आधार पुन्हा वजनाखाली येतो. हँडल पक्कं बांधून टाकलं तर पट्टीचा सायकलस्वारही पडेल.

अवकाशात धरायला काही नसताना उपग्रह वळतो कसा?

आतली चाकं फिरवून. चाक एका दिशेने वेग घेतं, उपग्रह उलट दिशेने वळतो. एकूण कोनीय संवेग तोच. हबल दुर्बीण अशीच वळते, घड्याळाच्या मिनिटकाट्याच्या वेगाने: ९० अंशांना १५ मिनिटं. केपलर या अवकाश दुर्बिणीच्या अशा चार चाकांपैकी एक २०१२ मध्ये आणि दुसरं २०१३ मध्ये बंद पडलं, तेव्हा तिची मूळ मोहीम थांबवावी लागली. पुढे सूर्यप्रकाशाच्या दाबाचाच टेकू घेऊन तिला स्थिर केलं. इतकी देखणी युक्ती मला दुसरी माहीत नाही.

हेलिकॉप्टरचं शेपटावरचं छोटं पातंही याच कारणासाठी असतं. ते नसेल तर मोठ्या पंख्याच्या उलट दिशेने अख्खं हेलिकॉप्टर गरगरेल.

पुस्तक हवेत उडवलं तर ते कधी नीट फिरतं, कधी वेडंवाकडं. असं का?

जाड पुस्तकाला रबरबँड लावा. त्याला तीन आस आहेत: लांबीचा, रुंदीचा आणि जाडीचा. लांबीच्या आसाभोवती जडत्व सगळ्यात कमी, जाडीच्या आसाभोवती सगळ्यात जास्त. या दोन्हींभोवती पुस्तक नीट फिरतं. मधल्या, रुंदीच्या आसाभोवती उडवलं की अर्ध्यातच कोलांटी घेतं, कितीही जपून उडवा. १९८५ मध्ये सल्यूत-७ या सोव्हिएत अवकाशस्थानकावर झानिबेकोव्ह या अंतराळवीराला फिरत सुटलेला एक पंखवाला नट ठरावीक वेळाने उलटसुलट होताना दिसला, तो हाच प्रकार.

यातून महागडा धडाही मिळाला आहे. अमेरिकेचा पहिला उपग्रह एक्सप्लोरर-१ हा १९५८ मध्ये लांब आसाभोवती फिरवून सोडला होता. त्याच्या लवचिक अँटेना हलत राहिल्या, त्यात ऊर्जा खर्च होत गेली आणि काही तासांत तो आडवा होऊन टोकावरून टोकावर कोलांट्या खाऊ लागला. ऊर्जा घटत असेल पण कोनीय संवेग तोच असेल, तर वस्तू शेवटी जास्तीत जास्त जडत्वाच्या आसावर जाऊन स्थिरावते.

पृथ्वी फिरते हे खोलीत बसून दिसेल का?

दिसतं. फुको या फ्रेंच शास्त्रज्ञाने १८५१ मध्ये पॅरिसच्या पँथिऑन या इमारतीत ६७ मीटर लांबीचा लंबक टांगला होता. त्याच्या झोक्याची दिशा हळूहळू वळताना लोकांनी पाहिली. पुण्यात आयुका या खगोलशास्त्र संस्थेच्या आवारात असा लंबक आहे. पॅरिसमध्ये एका फेरीला सुमारे ३२ तास लागतात, पुण्याच्या अक्षांशावर सुमारे ७५. विषुववृत्तावर दिशा वळणारच नाही.

परीक्षेसाठी सगळी सूत्रं पाठ करावी लागतील का?

मोजकी पुरतात. कडं: पूर्ण. तबकडी: अर्धं. भरीव गोळा: दोन पंचमांश. पोकळ गोळा: दोन तृतीयांश. हे सगळे गुणक वस्तुमान गुणिले त्रिज्येच्या वर्गाचे, वस्तूच्या नेहमीच्या मध्य आसाभोवती. काठी मधोमध: वस्तुमान गुणिले लांबीच्या वर्गाचा एक बारांश.

बाकीचं समांतर आसांच्या प्रमेयाने मिळतं: वस्तुमानकेंद्रातून जाणाऱ्या आसाभोवतीचं जडत्व अधिक वस्तुमान गुणिले दोन आसांमधल्या अंतराचा वर्ग. काठी टोकाला धरली तर ते अंतर लांबीच्या निम्मं, त्याचा वर्ग एक चतुर्थांश. एक बारांश अधिक एक चतुर्थांश म्हणजे एक तृतीयांश, मधोमध धरल्याच्या चौपट. झाडू आधी मधोमध आणि मग टोकाला धरून हलवलात तर हे चौपट मनगटालाच कळेल.